कॅरिंग्टनच्या तोडीचं सौरवादळ आज आलं तर नेमकं काय बंद पडेल?

प्रश्न थोडक्यात असा: १८५९ साली आलं होतं तसं, कॅरिंग्टनच्या नावानं ओळखलं जाणारं सौरवादळ आज पृथ्वीवर आदळलं, तर मोबाईल, गाड्या, छतावरची सोलर पॅनल जळतील का? इंटरनेट कित्येक महिने बंद राहील का? आणि इशारा किती आधी मिळेल?

आधी सरळ उत्तर. मोबाईल जळत नाही, गाडी जळत नाही, पॅनलही जळत नाहीत. खरा धोका लांब तारांना आहे, म्हणजे शेकडो किलोमीटर धावणाऱ्या अतिउच्चदाब वाहिन्या आणि त्यांच्या टोकांना बसलेले ट्रान्सफॉर्मर. त्याखालोखाल उपग्रहांना, आणि उपग्रहांकडून वेळ नि स्थान घेणाऱ्या यंत्रणांना. ‘सगळं इलेक्ट्रॉनिक्स राख’ ही कल्पना अणुस्फोटातल्या विद्युतचुंबकीय झटक्याशी गल्लत झाल्यामुळे आली आहे. त्या झटक्याचा पहिला भाग काही नॅनोसेकंदांत येतो, म्हणून हातभर तारसुद्धा त्याला अँटेनासारखी पुरते. सौरवादळात मात्र पृथ्वीचं चुंबकीय क्षेत्र सेकंदा-मिनिटांच्या चालीनं हलतं. इतक्या संथ बदलातून जमिनीवर किलोमीटरमागे एखाद-दोन व्होल्ट, फार भयंकर वादळात दहाच्या आसपास व्होल्ट तयार होतात. हातभर तारेच्या वाट्याला त्यातले चार-पाच मिलिव्होल्ट येतात. त्यानं काहीही जळत नाही. पण तेच गणित तीनशे किलोमीटरच्या वाहिनीला लावलं की चित्र पालटतं. ते पुढे आकड्यांसकट मांडलं आहे.

एक शब्द, तीन पाहुणे

‘सौरवादळ’ हा शब्द आपण तीन वेगळ्या गोष्टींना सर्रास वापरतो. त्या वेगवेगळ्या वेळी येतात आणि वेगवेगळ्या गोष्टी बिघडवतात.

पहिली येते सौरज्वाला, म्हणजे क्ष-किरणांचा आणि अतिनील प्रकाशाचा भडका. तो प्रकाशाच्या वेगानं येतो, आठ मिनिटं वीस सेकंदांत. याचा इशारा मिळूच शकत नाही, कारण बातमी आणि घटना एकाच क्षणी पोचतात. साधारण ६० ते ९० किमी उंचीवरचा आयनांबराचा (वातावरणाच्या विद्युतभारित भागाचा) खालचा थर त्यानं दाट होतो आणि ३ ते ३० मेगाहर्ट्झच्या रेडिओलहरी गिळून टाकतो. समुद्रावरची विमानं, जहाजं, हौशी रेडिओवाले यांचा संपर्क तुटतो. पण फक्त दिवस असलेल्या बाजूला, आणि काही मिनिटांपासून एक-दोन तासांपर्यंतच.

बातम्यांत येणारा ‘एक्स१०’ वगैरे आकडा या ज्वालेचा असतो. एक्स१ म्हणजे चौरस मीटरला एक दशसहस्रांश वॉट क्ष-किरण, एक्स१० त्याच्या दहापट. हा आकडा मोठा म्हणजे वादळ मोठं, असं अजिबात नाही. ४ नोव्हेंबर २००३ च्या ज्वालेनं उपग्रहावरची मापनयंत्रं अक्षरशः कमाल मर्यादेला चिकटली. नंतर अंदाज बांधून तिला एक्स२८ म्हटलं गेलं. पण ती सूर्याच्या कडेवर झाली होती, मुख्य मारा दुसरीकडे गेला आणि पृथ्वीवर मोठं चुंबकीय वादळ झालंच नाही.

दुसरे येतात प्रोटॉन, काही मिनिटांपासून काही तासांत. ते उपग्रहांच्या कॅमेऱ्यांत बर्फ पडल्यासारखे ठिपके उमटवतात, मेमरीतले बिट उलटवतात, अंतराळवीरांना धोकादायक ठरतात आणि ध्रुवांवरून जाणाऱ्या विमानांचा रेडिओ दिवसचे दिवस बंद पाडतात. जमिनीवरच्या माणसाला वातावरणाचं पांघरूण पुरेसं असतं.

तिसरी गोष्ट म्हणजे किरीटीय द्रव्यउत्सर्जन, कामाच्या बोलीत सीएमई. एक ते दहा अब्ज टन प्लाझ्मा, म्हणजे विद्युतभारित वायू, आपलं चुंबकीय क्षेत्र बरोबर घेऊन निघतो. नेहमीच्या सीएमईला दोन ते तीन दिवस लागतात. १ सप्टेंबर १८५९ रोजी रिचर्ड कॅरिंग्टन आणि रिचर्ड हॉजसन या इंग्रज खगोलनिरीक्षकांनी स्वतंत्रपणे जी ज्वाला पाहिली, तिच्यामागून आलेला लोट साडेसतरा तासांत पोचला. ऑगस्ट १९७२ मधला तर १४.६ तासांत. असे वेगवान लोट बहुधा एकटे नसतात. आधी गेलेल्यांनी वाटेतला सौरवारा बाजूला सारलेला असतो आणि मागचा मोकळ्या रस्त्यानं सुसाट येतो. वीजजाळ्याचं नुकसान करतो तो हाच तिसरा.

सगळी भिस्त एका दिशेवर

सीएमई येऊन धडकला तरी वादळ होईलच असं नाही. त्याच्यातल्या चुंबकीय क्षेत्राचा उत्तर-दक्षिण घटक, ज्याला सगळे ‘बी-झेड’ म्हणतात, दक्षिणेकडे असावा लागतो. तसं असेल तर तो पृथ्वीच्या उत्तरेकडे रोखलेल्या क्षेत्राशी जोडला जातो, दार उघडतं आणि ऊर्जा आत शिरते. उत्तरेकडे असेल तर दार बहुतांशी बंद.

१९७२ चं उदाहरण यासाठी बोलकं आहे. ज्ञात लोटांपैकी सर्वांत वेगवान, पण क्षेत्र बराच काळ उत्तरेकडे. वादळाची तीव्रता मोजायचा डीएसटी हा निर्देशांक जेमतेम उणे १२५ नॅनोटेस्लापर्यंत (हे चुंबकीय क्षेत्राचं एकक) गेला. उणे १०० च्या खाली गेलं की आपण ‘तीव्र’ म्हणतो, म्हणजे हे काठावरचंच. तरीही त्या पहिल्या धक्क्यानं व्हिएतनाममधल्या हायफाँगच्या दक्षिणेला समुद्रात अमेरिकी नौदलानं पेरलेले चुंबकीय सुरुंग आपोआप फुटले. निर्देशांक लहान म्हणून धक्का लहान, असंही धरून चालू नये.

अडचण ही की ही दिशा सूर्याकडे पाहून आधी कळत नाही. लोट निघताना कॅमेऱ्यातून वेग आणि रुंदी मोजता येते, त्यावरून पोचण्याची वेळ निघते, आणि त्या वेळेत दहा-बारा तासांची चूक नेहमीची आहे. बी-झेड कळतो तो लोट पृथ्वीपासून सूर्याच्या दिशेला १५ लाख किमीवरच्या एल-१ बिंदूवर पोचल्यावरच. तिथे एसीई, डिस्कव्हर आणि आपलं आदित्य-एल१ ही यानं बसलेली आहेत. वेग सेकंदाला ८०० किमी असेल तर एल-१ पासून पृथ्वीपर्यंत यायला ३१ मिनिटं लागतात. २,००० किमी असेल तर साडेबारा मिनिटं. म्हणजे वादळ जितकं मोठं तितकी खात्रीची सूचना उशिरा. त्यात भर म्हणजे २००३ च्या ऑक्टोबरमध्ये एसीईवरचं सौरवारा मोजणारं उपकरण प्रोटॉनांच्या माऱ्यात ऐन वेळी आंधळं झालं होतं. म्हणून ‘एक दिवस आधी कळेल’ हे अर्धसत्य आहे. काहीतरी येतंय हे एक दिवस आधी कळतं, ते किती वाईट आहे हे पाव ते अर्ध्या तासावर.

तारेत डीसी (एकाच दिशेचा प्रवाह) कसा घुसतो

दार उघडलं की सुमारे १०० किमी उंचीवर, मुख्यतः ध्रुवीय प्रकाशाच्या पट्ट्यात, लाखो अँपिअरचे प्रवाह वाहू लागतात आणि भरकटतात. त्यांच्यामुळे खालचं चुंबकीय क्षेत्र हलतं. हलणारं क्षेत्र जमिनीत विद्युतक्षेत्र निर्माण करतं, हा फॅरेडेचा साधा नियम. १९८९ च्या वादळात कॅनडातल्या क्यूबेकमध्ये बदलाचा वेग मिनिटाला पाचशे नॅनोटेस्लाच्या घरात होता. पृथ्वीचं एकूण क्षेत्र २५ ते ६५ हजार नॅनोटेस्ला, म्हणजे मिनिटात साधारण एक टक्का. ऐकायला किरकोळ वाटतं.

खालचा खडक कसा आहे यावर बरंच अवलंबून असतं. जुना, कठीण, कोरडा अग्निजन्य खडक वीज नीट वाहू देत नाही. मग जमिनीतलं विद्युतक्षेत्र वाढतं आणि प्रवाहाला ट्रान्सफॉर्मरच्या अर्थिंगमधून वर चढून तारेनं जाणं सोपं पडतं. क्यूबेक नेमकं अशाच खडकावर आहे. समुद्रकिनाऱ्यालगतही क्षेत्र वाढतं, कारण खारं पाणी चांगलं वाहक आणि जमीन वाईट. त्या सीमेवर भार साचतो.

आता आकडे. ४०० केव्हीची ३०० किमी वाहिनी घ्या, तिच्या तीन फेजपैकी प्रत्येकीला ‘मूस’ जातीच्या दोन तारा. एका मूसचा डीसी रोध किलोमीटरला सुमारे ०.०५६ ओहम, दोघांचा मिळून ०.०२८. तीनशे किलोमीटरला एका फेजचा रोध झाला ८.४ ओहम. या डीसीच्या दृष्टीनं तिन्ही फेज समांतर असतात, म्हणून २.८. दोन्ही टोकांचं अर्थिंग प्रत्येकी ०.४ धरलं तर ०.८, आणि वाइंडिंगचे मिळून ०.२. बेरीज ३.८ ओहम. क्षेत्र किलोमीटरला ३ व्होल्ट आणि वाहिनीच्या दिशेनंच असेल तर टोकाटोकात ९०० व्होल्ट. भागाकार केला की न्यूट्रलमधून, म्हणजे ट्रान्सफॉर्मरला जमिनीशी जोडणाऱ्या तारेतून, सुमारे २३७ अँपिअर, फेजमागे ७९.

४०० केव्हीच्या वाहिनीला ९०० व्होल्ट म्हणजे पाव टक्कासुद्धा नाही, मग घाबरायचं कशाला? कारण हा प्रवाह मिनिटामिनिटांनी दिशा बदलतो, आणि ५० हर्ट्झच्या ट्रान्सफॉर्मरला तो शुद्ध डीसीच वाटतो. ३१५ एमव्हीएच्या ट्रान्सफॉर्मरचा पूर्ण भाराचा प्रवाह ४५५ अँपिअर असला, तरी त्याच्या कोअरला, म्हणजे लोखंडी गाभ्याला, चुंबकित ठेवायला लागणारा प्रवाह एक-दोन अँपिअरच असतो. चांगलं कोअर म्हणतात ते यालाच. त्या नाजूक समतोलात ७९ अँपिअरचा डीसी शिरतो आणि कोअर प्रत्येक आवर्तनाच्या एका अर्ध्यात गच्च भरून जातं. लोखंडात जागा उरत नाही, मग चुंबकीय प्रवाह बाहेर सांडतो.

याचे परिणाम तीन, पण एका वजनाचे नाहीत.

सांडलेला चुंबकीय प्रवाह टाकीच्या भिंतीत, क्लॅम्पमध्ये, टायप्लेटमध्ये शिरून जागोजाग गरम ठिपके तयार करतो. कागद जळतो, तेलात वायू होतात. वर्तमानपत्रांना आवडणारा परिणाम हाच, पण त्याला सहसा वेळ लागतो.

दुसरा परिणाम म्हणजे ट्रान्सफॉर्मर अचानक रिॲक्टिव्ह पॉवर, म्हणजे काम न करता फक्त चुंबकीय क्षेत्र उभं ठेवायला येजा करणारी वीज, ओढू लागतो. वरच्या उदाहरणात सिंगल-फेज युनिटांची बँक असेल तर ढोबळमानानं सत्तर-ऐंशी एमव्हीएआर (तिचं एकक), एकट्या एका ठिकाणी. असे पन्नास ट्रान्सफॉर्मर एकदम तहानले की जाळ्याचं व्होल्टेज बसतं.

तिसरा, आणि माझ्या मते सर्वांत दगाबाज, म्हणजे हार्मोनिक, ५० हर्ट्झच्या दुप्पट-तिप्पट वगैरे वारंवारतेचे प्रवाह. अर्ध्या आवर्तनात भरणारं कोअर सम आणि विषम दोन्ही हार्मोनिक ओततं. व्होल्टेजला आधार देणारी कपॅसिटर बँक हा हार्मोनिकसाठी सोपा रस्ता. बँकेतला प्रवाह वाढतो, तिच्या रिलेला (संरक्षक यंत्राला) वाटतं बँकेत बिघाड झाला, आणि तो तिला ट्रिप करतो. व्होल्टेजला आधाराची सर्वाधिक गरज असताना आधारच काढून घेतला जातो.

क्यूबेकचं दीड मिनिट

१३ मार्च १९८९, पहाटे पावणेतीनच्या सुमारास नेमकं हेच झालं. ला ग्रांद नदीवरच्या जलविद्युत केंद्रांपासून दक्षिणेकडच्या शहरांपर्यंत ७३५ केव्हीच्या लांबच लांब वाहिन्या होत्या आणि त्यांचं व्होल्टेज स्थिर कॉम्पेन्सेटरांच्या (रिॲक्टिव्ह पॉवर पुरवून व्होल्टेज सावरणाऱ्या यंत्रणांच्या) जिवावर तोललेलं होतं. हार्मोनिकमुळे सात कॉम्पेन्सेटर एकामागून एक साधारण एका मिनिटात सुटले. मग वाहिन्या तुटल्या, सुमारे ९,५०० मेगावॉट उत्पादन वेगळं पडलं आणि उरलेल्या जाळ्यानं दम तोडला. पहिल्या ट्रिपपासून संपूर्ण अंधारापर्यंत दीड मिनिट. साठ लाख माणसं, बहुतांश भाग पूर्ववत व्हायला नऊ तास.

इथे लक्षात घ्यायचं ते हे की जाळं कोसळलं ते ट्रान्सफॉर्मर जळल्यामुळे नव्हे. संरक्षणयंत्रणेनं आपलं काम ‘बरोबर’ केलं म्हणून कोसळलं. म्हणूनच वीज नऊ तासांत परतली. त्याच वादळात न्यू जर्सीतल्या सेलम अणुवीज केंद्राचा ट्रान्सफॉर्मर मात्र आतून करपला. सुदैवानं त्या मापाचा दुसरा हाताशी होता, म्हणून काही आठवड्यांत भागलं. नवा बनवून घ्यायचा तर वर्ष-दोन वर्षं सहज जातात, आणि महिनोन्‌महिने अंधाराची भीती खरी असेल तर ती इथेच आहे. असे किती एकदम जातील यावर तज्ज्ञांत मतभेद आहेत. माझा कल या बाजूला आहे की जाळं आधी कोसळतं, आणि कोसळलेल्या जाळ्यात वाहिन्या सुटलेल्या असल्यानं डीसीचा रस्ताच मोडतो. त्यामुळे बरेचसे ट्रान्सफॉर्मर वाचतात.

क्यूबेकनं नंतर कॉम्पेन्सेटरांच्या रिलेची सेटिंग बदलली आणि वाहिन्यांत सीरीज कपॅसिटर घातले. कपॅसिटरमधून डीसी जात नाही. साधा, महाग आणि खात्रीचा उपाय.

उपकेंद्रात आणि नियंत्रणकक्षात काय करतात

कुठले ट्रान्सफॉर्मर कच्चे हे आधीच ठाऊक असायला हवं. सिंगल-फेज युनिट सर्वांत हळवे, पाच-लिंब (पाच खांबांचं) कोअर त्यानंतर, तीन-लिंब कोअर सर्वांत दणकट, कारण त्यात डीसीमुळे होणाऱ्या चुंबकीय प्रवाहाला लोखंडातून परतीचा रस्ता नसतो. जमिनीशी न जोडलेल्या डेल्टा वाइंडिंगमध्ये हा प्रवाह शिरत नाही, पण जनित्राच्या ट्रान्सफॉर्मरची उच्चदाब बाजू अर्थ केलेली स्टार असते, तिथून शिरतो. दोन्ही व्होल्टेजना एकच सामाईक वाइंडिंग असलेला ऑटोट्रान्सफॉर्मर तर त्याला खालच्या व्होल्टेजच्या जाळ्यातही पोचवतो. आणि जागा पाहावी लागते. जाळ्याच्या मध्यावरच्या उपकेंद्रात एका वाहिनीतून आलेला डीसी दुसरीतून पुढे निघून जातो. टोकाच्या किंवा जिथे वाहिनी काटकोनात वळते त्या उपकेंद्रात त्याला न्यूट्रलमधून जमिनीत उतरावंच लागतं.

मोजमापात एक चूक हमखास होते. न्यूट्रलवर साधा सीटी (प्रवाह मोजणारा छोटा ट्रान्सफॉर्मर) बसवलेला असतो आणि त्याचं मीटर शून्याजवळ पाहून सगळे निश्चिंत राहतात. साधा सीटी डीसी दाखवतच नाही, त्यासाठी हॉल-इफेक्ट सेन्सर लागतो. दुसरी चूक तेलाच्या तापमानावर भरवसा ठेवण्याची. वरच्या तेलाचं तापमान अंशाअंशानं सरकतं, तोवर एखाद्या क्लॅम्पवरचा ठिपका कितीतरी पुढे गेलेला असतो. यार्डातल्या माणसाचे कान जास्त उपयोगी. नेहमीची १०० हर्ट्झची संथ गुणगुण जाऊन खरखरीत, जडसर घुरघुर सुरू झाली, आणि भार तेवढाच आहे, तर कोअर भरतंय.

इशारा एक दिवस आधी आला की देखभालीसाठी बंद ठेवलेल्या वाहिन्या आणि कॉम्पेन्सेटर परत चालू करतात, देखभालीसाठी ठरलेली पुढची सगळी बंदी रद्द करतात, जनित्रांना रिॲक्टिव्हची शिल्लक राहील असं चालवतात, लांब पल्ल्याच्या वाहिन्यांवरचा भार कमी करतात. एल-१ चा इशारा आला की नवीन स्विचिंग थांबवायचं. ट्रान्सफॉर्मर वाचवायला वाहिनी काढून टाकावी असा मोह होतो. आधी गणित केलेलं नसेल तर तो टाळावा, कारण तिचा डीसी शेजारच्या वाहिन्यांत जातो आणि व्होल्टेजचा आधारही जातो. वादळानंतर दिवसभरात तेलाचा नमुना घ्यायचा, आठवड्यानं पुन्हा. हायड्रोजन आणि एथिलीन वाढलेले दिसले तर कुठेतरी तापलं आहे. ॲसिटिलीन दिसलं तर युनिट सेवेतून काढून तपासायचं.

उत्तर अमेरिकेच्या नियमांत शंभर वर्षांतून एकदाच्या वादळासाठी किलोमीटरला ८ व्होल्ट हे क्षेत्र धरतात आणि फेजमागे ७५ अँपिअर निघाले की त्या ट्रान्सफॉर्मरची औष्णिक तपासणी सक्तीची. तो ८ चा आकडा ६० अंश भूचुंबकीय अक्षांशाचा आहे. ४० अंशांवर तो दहावा हिस्सा धरतात. म्हणून उष्णकटिबंधातल्या जाळ्यांना कॅनडाचे आकडे जसेच्या तसे लावणं चूक.

उपग्रह आणि वेळ

उपग्रहांना मोठ्या वादळाची वाटही पाहावी लागत नाही. ३ फेब्रुवारी २०२२ ला सोडलेल्या ४९ स्टारलिंक उपग्रहांपैकी चाळीसच्या आसपास गेले, आणि ते वादळ पाच पायऱ्यांच्या मोजपट्टीवर पहिल्या-दुसऱ्या पायरीचं होतं. तापलेलं वातावरण फुगतं, आणि २१० किमीवर ठेवलेल्या त्या उपग्रहांना एवढी ओढ बसली की वर चढताच आलं नाही. मोठ्या वादळात हजारो उपग्रह आपापल्या कक्षांतून सरकतात, आणि कोण कुठे आहे याची यादी काही दिवस विश्वासाची राहत नाही. टकरीचा इशारा देणाऱ्यांची खरी कसोटी तेव्हा असते. वरच्या, भूस्थिर कक्षेत ओढ नसते. तिथे वादळ ओसरल्यावर एक-दोन दिवसांनी वेगवान इलेक्ट्रॉन केबलच्या आवरणात साचतात आणि ठिणगी पडते. म्हणजे ‘वादळ संपलं’ अशी बातमी आल्यानंतर उपग्रह बिघडणं अगदी शक्य असतं.

जीपीएसमध्ये चूक येते ती आयनांबरातून. आयनांबरातल्या इलेक्ट्रॉनांची एकूण संख्या एका टेक-एककानं वाढली की मुख्य वारंवारतेवर १६ सेंटिमीटरची चूक. शंभर एककं वाढली की १६ मीटर. दोन वारंवारतांचा रिसीव्हर ही चूक बहुतांशी काढून टाकतो. पण सेंटिमीटरच्या अचूकतेची आरटीके पद्धत असेल तर बेस (स्थिर केंद्र) आणि रोव्हर (फिरता रिसीव्हर) यांच्या डोक्यावरचं आयनांबर सारखं असावं लागतं. १० मे २०२४ च्या वादळात ते नव्हतं. अमेरिकेत ऐन पेरणीच्या दिवसांत ट्रॅक्टर ओळी सोडून भटकू लागले. तेव्हाचा योग्य निर्णय होता थांबण्याचा. ज्यांनी तशीच पेरणी केली, त्यांच्या ओळी नंतरच्या फवारणीला जुळल्या नाहीत. चुंबकीय विषुववृत्ताच्या दोन्ही बाजूंना पंधरा-वीस अंशांच्या पट्ट्यात सूर्यास्तानंतर सिग्नल लुकलुकून तुटण्याचा त्रास वेगळाच.

वेळेकडे लोकांचं लक्ष जात नाही. मोबाईल टॉवर, वीजजाळ्याचे फेजर-मापक, शेअरबाजारांची घड्याळं यांना जीपीएसची वेळ लागते. मोबाईलच्या जाळ्यात सह्य चूक दीड मायक्रोसेकंद असते. सिग्नल गेला तर आतलं क्रिस्टलचं घड्याळ काही तास ती मर्यादा राखतं, रुबिडियमचं त्याहून बरंच जास्त. आपल्या यंत्रणेत कुठलं आहे आणि ते अँटेना काढून प्रत्यक्ष किती टिकतं, हे वादळाआधी एखाद्या निवांत दिवशी तपासून ठेवावं.

इंटरनेट, पाइपलाइन, रेल्वे

ऑप्टिकल फायबरमध्ये काच असते, तिच्यात डीसी शिरत नाही. समुद्राखालच्या केबलमध्ये मात्र काचेसोबत तांब्याचा वाहक असतो, कारण दर साठ ते शंभर किमीवरच्या रिपीटरना वीज लागते. साधारण एक अँपिअरचा स्थिर प्रवाह, टोकाला दहा-पंधरा हजार व्होल्टपर्यंत. वादळानं यात काही शे, टोकाच्या वेळी हजाराच्या घरात व्होल्टची वाढ-घट होईल आणि पुरवठायंत्रणा ती झेलायला धडपडेल. १९८९ च्या वादळातून समुद्री केबली पार पडल्या. जमिनीवरच्या फायबरला हा प्रश्न फारसा नाहीच. इंटरनेट गेलंच तर ते बहुधा डेटा सेंटर आणि टॉवरचं डिझेल संपल्यामुळे जाईल.

पाइपलाइनला तात्काळ काही होत नाही. गंज रोखायला पाइप जमिनीच्या तुलनेत उणे ८५० मिलिव्होल्टच्या खाली ठेवतात. वादळात हा आकडा वर-खाली हेलकावतो. त्या दिवशीचं सर्वेक्षण कचऱ्यात टाकावं, आणि ते आकडे पाहून रेक्टिफायरची (पाइपला संरक्षक प्रवाह देणाऱ्या यंत्राची) सेटिंग बदलू नये. रेल्वेत रुळांवर गाडी आहे का हे ओळखणारी ट्रॅक सर्किट फसू शकतात. जुलै १९८२ मध्ये स्वीडनमध्ये सिग्नल आपोआप लाल झाले होते.

घरी काय करायचं

फॅरेडेचा पिंजरा, ॲल्युमिनियमच्या कागदात गुंडाळलेले मोबाईल वगैरे निरुपयोगी. घरात करायच्या गोष्टी साध्या वीजबंदीच्याच आहेत, फक्त ती बंदी काही तासांऐवजी एक-दोन दिवसांची धरावी. पाणी आधी भरून ठेवा, कारण पंप विजेवर चालतात. नकाशे फोनमध्ये उतरवून ठेवा.

दोन गोष्टी मात्र लोकांना अनपेक्षित असतात. छतावर पॅनल आहेत म्हणून वीज राहील असं नाही. साधा ग्रिड-टाय इन्व्हर्टर जाळं गेलं की स्वतःहून बंद पडतो, दुरुस्तीवाल्यांच्या जिवासाठी तो तसाच बनवलेला असतो. बॅटरीसह हायब्रिड इन्व्हर्टर असेल तरच उपयोग. दुसरं म्हणजे वीज गेल्यावर फ्रिज, एसी, संगणक यांचे प्लग काढा, आणि वीज आल्यावर अर्धा तास थांबा. जाळं पुन्हा उभं करताना लांब वाहिन्यांवर भार कमी असतो, व्होल्टेज वर चढतं आणि मध्येच पुन्हा जातं. घरचं उपकरण खराब झालंच तर या वेळी होईल.

असं किती वेळा होतं

१९८९ चा डीएसटी उणे ५८९ होता. मे २०२४ चा उणे चारशेच्या आसपास. १८५९ साठी हा निर्देशांक मागे जाऊन काढावा लागतो, आणि त्यातला एक मुख्य पुरावा मुंबईच्या कुलाबा वेधशाळेतला आहे. तिथे पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राचा क्षितिजसमांतर घटक सुमारे १,६०० नॅनोटेस्लानं कोसळल्याची नोंद आहे. तासाची सरासरी धरली तर आकडा हजाराच्या खाली-वर येतो, १९२१ च्या वादळाच्या आसपासचा. म्हणजे कॅरिंग्टन हे १९८९ च्या दहापट नव्हे, दीड-दोनपट वादळ होतं. अभ्यासक पीट रायली यांनी २०१२ साली अशा वादळाची दहा वर्षांत १२ टक्के शक्यता मांडली, नंतरचे बरेच अंदाज त्याहून कमी आहेत. २३ जुलै २०१२ चा लोट त्याच तोडीचा होता. तो पृथ्वीकडे नव्हे तर स्टीरिओ-ए या यानाकडे गेला, म्हणून आपल्याला फक्त आकडे मिळाले.

इ.स. ७७४-७७५ ची घटना मात्र वेगळ्या जातीची. जपानी शास्त्रज्ञ फुसा मियाके यांना झाडांच्या कड्यांमध्ये सापडलेली कार्बन-१४ ची उसळी प्रोटॉनांची आहे, आधुनिक काळात मोजलेल्या कुठल्याही माऱ्याच्या कितीतरी पट. अशी घटना उपग्रहांसाठी आणि अंतराळवीरांसाठी भयंकर आहे, पण तिच्यावरून वीजजाळ्याचं काय होईल हे थेट काढता येत नाही. दोन्ही प्रकार एकाच वाक्यात कोंबलेले दिसले की समजावं, लिहिणाऱ्यानं आकडे तपासलेले नाहीत.

पुढच्या वेळी बातमी आली की एक्स किती ते सोडून द्या. आधी पाहा लोट पृथ्वीकडे निघाला आहे का आणि वेग किती. सेकंदाला हजार किमीच्या आत आणि लोट एकटाच असेल तर ध्रुवीय प्रकाशाच्या छायाचित्रांपलीकडे बहुधा काही घडत नाही. दोन हजारांवर असेल आणि मागोमाग दोन-तीन लोट असतील तर पाणी भरून ठेवा. मग एल-१ च्या आलेखात बी-झेड. उणे १० तासभर टिकला तर वादळ, उणे ३० च्या खाली कित्येक तास राहिला तर मोठं. केपी हा वादळाचा जगभरचा आकडा तीन तासांच्या खिडकीतला असतो आणि ९ ला संपतो, म्हणजे मे २०२४ ला ९ आणि कॅरिंग्टनलाही ९ च. बी-झेड उत्तरेकडे वळला तरी मागून दुसरा लोट येत असेल तर आलेख बंद करू नका. १९८९ मध्ये क्यूबेक पहाटे अंधारात गेलं, पण डीएसटी सर्वांत खाली गेला तो त्यानंतर कित्येक तासांनी.